केपिग १०७.५: स्ट्रॉबेरीच्या मळ्यांमधलं रॉक स्टेशन आणि त्याचे मालक

रॉक, ब्लूज, कंट्री, फोक आणि मधेच रेगे, हे सगळं एका तासात ऐकायला मिळावं आणि गाणी कुणीतरी कान देऊन निवडली आहेत हे जाणवावं, एवढी साधी अपेक्षा पुरी करणारी रेडिओ स्टेशनं आता फार उरलेली नाहीत. कॅलिफोर्नियातलं केपिग (KPIG) त्यातलं एक. फ्रिक्वेन्सी १०७.५ मेगाहर्ट्झ. परवाना सांता क्रूझ काउंटीतल्या फ्रीडम या छोट्या वस्तीच्या नावाने, आणि स्टुडिओ बरीच वर्षं शेजारच्या वॉट्सनव्हिल गावात. पाहारो नदीच्या खोऱ्यातला हा टापू शेतीचा. स्ट्रॉबेरीचे मळे आणि सफरचंदाच्या बागा. १९८८ पासून हे स्टेशन इथून चालतंय आणि दरम्यान त्याचे मालक बदलत गेले. गाण्यांबद्दल बोलायचं तर मालकीबद्दलही बोलावंच लागतं, कारण परवाना ज्याच्या हातात, शेवटचा शब्द त्याचा. केपिगच्या बाबतीत तो शब्द संगीताच्या विरोधात गेला नाही, याची कारणं बघण्यासारखी आहेत.

आधी केफॅट

केपिगचं मूळ केफॅट या स्टेशनात आहे. वॉट्सनव्हिलहून डोंगर ओलांडला की गिलरॉय लागतं, लसणासाठी ओळखलं जाणारं गाव. तिथे ९४.५ मेगाहर्ट्झवर १९७५ मध्ये केफॅट सुरू झालं. त्यामागे जेरेमी लॅन्समन आणि लोरेंझो मिलम होते. मिलम यांनी १९६२ मध्ये सिएटलला केआरएबी हे श्रोत्यांच्या वर्गणीवर चालणारं स्टेशन काढलं होतं, आणि अशी स्टेशनं ठिकठिकाणी उभी राहावीत म्हणून पुढे या दोघांनी बरीच खटपट केली. केफॅट मात्र व्यावसायिक परवान्यावर चालायचं. डीजेंना निवडीची मोकळीक होती. जुनं कंट्री, त्याला लागून रॉक, मग ब्लूग्रास, आणि वातावरण जड झालं की एखादं विनोदी गाणं. लॉरा एलन हॉपर यांचं काम तिथेच बहरलं. पुढे केपिगला जो आवाज मिळाला तो मुख्यतः त्यांचाच.

१९८३ च्या सुरुवातीला केफॅट संपलं. त्याच फ्रिक्वेन्सीवर केडब्ल्यूएसएस नावाचं, सान होजेच्या श्रोत्यांवर डोळा ठेवलेलं, चालू लोकप्रिय गाण्यांचं स्टेशन आलं. श्रोते हळहळले, पण कायदा त्यांच्या बाजूने नव्हता. स्टेशन कोणत्या प्रकारचं संगीत वाजवतं यात एफसीसीने, म्हणजे अमेरिकेच्या दळणवळण आयोगाने, पडायची गरज नाही. ते बाजारावर सोडावं, ही एफसीसीची भूमिका तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने १९८१ मध्येच मान्य केली होती. परवाना हस्तांतरणाला हरकत घेता येते, सूचना निघाल्यापासून ३० दिवसांत. मात्र ‘आमची गाणी जातील’ हा मुद्दा तिथे चालत नाही. हे नीट समजून घ्यायला हवं, कारण दर वेळी एखादं लाडकं स्टेशन विकलं गेलं की सह्यांची मोहीम सुरू होते आणि ती नेमकी याच भिंतीवर आपटते.

कमी ताकदीचा फायदा

केफॅट गेलं आणि केपिग टिकलं. संगीताची दृष्टी तीच आणि माणसंही बरीचशी तीच. फरक होता तो परवान्याच्या वर्गात.

अमेरिकेत एफएम स्टेशनांचे वर्ग ठरलेले आहेत आणि कॅलिफोर्नियाच्या बहुतेक भागात ए, बी१ आणि बी असे तीन वर्ग चालतात. बी वर्गाची कमाल मर्यादा ५० किलोवॉट आणि अँटेना भोवतालच्या जमिनीच्या सरासरीपेक्षा १५० मीटर उंच. ए वर्गाला ६ किलोवॉट आणि १०० मीटर. १९८९ पर्यंत तर ३ किलोवॉटच. उंची याहून जास्त असेल तर ताकद त्या प्रमाणात कमी करावी लागते. ए वर्गाच्या सेवाक्षेत्राची त्रिज्या साधारण २८ किलोमीटर, बी वर्गाची ६५. क्षेत्रफळाने पाहिलं तर पाचपटीहून जास्त फरक.

९४.५ हा बी वर्ग. गिलरॉयहून सान होजे वायव्येला, एकाच खोऱ्यात. म्हणजे खेडेगावच्या नावाचा परवाना घ्यायचा आणि जाहिराती शहरात विकायच्या, हे सहज जमणारं होतं. त्या परवान्याची किंमत सान होजेच्या लोकसंख्येवर ठरली आणि तिथल्या श्रोत्यांच्या मानाने केफॅटची आवड फार वेगळी होती. केपिगचा १०७.५ हा ए वर्ग. त्याच्या आणि सान होजेच्या मध्ये सांता क्रूझचे डोंगर उभे आहेत आणि शेजारच्याच फ्रिक्वेन्सीवर, १०७.७ ला, सॅन मटेओचं केसॅन हे भक्कम रॉक स्टेशन. शहराला विकायला या परवान्यात काही नव्हतंच. तो सांता क्रूझ, वॉट्सनव्हिल आणि मॉन्टेरेच्या उपसागराकाठच्या लोकांनाच उपयोगी. त्यामुळे मालक कुणीही आला तरी स्थानिक श्रोत्यांना बांधून ठेवण्यातच त्याचा फायदा राहिला. छोट्या गावातल्या स्टेशनचं भवितव्य जोखताना मी सगळ्यात आधी हाच नकाशा बघतो: सिग्नल शहरात पोचतो का? पोचत असेल तर धोका जास्त.

१९८८ मध्ये हॉपर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केपिग सुरू केलं. स्टेशनची ओळख सांगताना १०७ आणि ५ यांच्या मधल्या ‘पॉइंट’च्या जागी डुकराचं ‘ऑइंक’ आलं. जाहिरातींमध्येही ही थट्टामस्करी चालायची. हॉपर कार्यक्रम प्रमुख होत्या आणि २००७ च्या मे महिन्यात त्यांचं निधन होईपर्यंत स्टेशनची घडी त्यांच्याच हातची राहिली. रविवारी सकाळी स्टुडिओत गायक-वादकांना बोलावून थेट वाजवून घेण्याची प्रथा केपिगला विशेष शोभली. मोठ्या स्टेशनला हे परवडत नाही असं नाही. त्यासाठी दोन तास जाहिरातींचं गणित सैल सोडावं लागतं आणि तिथे कुणाची तयारी नसते.

ऐकताना काय वेगळं जाणवतं

नेहमीच्या व्यावसायिक रॉक स्टेशनवर गाणी सॉफ्टवेअर लावतं. गाण्यांचे गट पाडलेले असतात. सर्वांत चालणाऱ्या गटात सात गाणी ठेवली आणि तासाला त्यातली दोन वाजवायची ठरवली, की प्रत्येक गाणं साडेतीन तासांनी परत येतं. गटातली संख्या विषम का ठेवतात? कारण सम ठेवली तर तीच गाणी रोज त्याच घटकेला येऊ लागतात आणि श्रोत्याच्या ते लगेच ध्यानात येतं. जुन्या गाण्यांचे गट मोठे असतात, पण एकूण साठा बहुधा काहीशे गाण्यांचाच. कामावर जाताना रोज तेच गाणं लागतं ही तक्रार इथून येते.

केपिगची प्रतिष्ठा याच्या उलट पद्धतीवर उभी आहे. गाणं डीजे निवडतो, आणि निवडीची खरी परीक्षा दोन गाण्यांच्या सांध्यात होते. स्लाइड गिटारवर विरत जाणारं ब्लूज संपताना त्याच्या खालून पेडल स्टीलचा, म्हणजे कंट्रीतल्या आडव्या गिटारीचा, सूर वर आला आणि दोन्हींची पट्टी जुळली, तर ब्लूजमधून कंट्रीत कधी आलो ते कळतही नाही. यासाठी डीजेला प्रत्येक गाण्याच्या तीन गोष्टी पाठ लागतात: गायक सुरू होण्याआधी किती सेकंद वाद्यं वाजतात, गाणं हळूहळू विरतं की झटक्यात थांबतं, आणि शेवटची लय काय. झटक्यात थांबणाऱ्या गाण्यामागे अर्धा सेकंद जरी जास्त शांतता राहिली तरी सांधा उसवतो. विरणाऱ्या गाण्यावर दुसरं लवकर चढवलं तर दोन तालवाद्यं एकमेकांत अडकतात. चांगल्या तासात असे दहा-बारा सांधे असतात, आणि सगळे जमले तर मधल्या जाहिरातीसुद्धा सुसह्य होतात.

हे सगळं थेट चाललंय की आधी ध्वनिमुद्रित करून ठेवलंय, हे ओळखणं अवघड नाही. निवेदक नेमकी वेळ सांगतो का? सांता क्रूझहून लॉस गॅटोसकडे जाणाऱ्या महामार्ग १७ वर आत्ता काय चाललंय, किनाऱ्यावर धुकं आहे का, यातलं काही येतं का? आत्ताच वाजलेल्या गाण्याचं नाव तो आधीच्या गाण्याशी जोडून घेतो का? मुद्रित निवेदनात वाक्यं कुठल्याही दिवसाला चालतील अशी असतात, आणि तोच आवाज एकाच वेळी दुसऱ्या गावच्या स्टेशनवरही ऐकू येऊ शकतो. पूर्वी प्रत्येक स्टेशनला आपल्या परिसरात माणसं असलेला मुख्य स्टुडिओ ठेवावा लागे. एफसीसीने २०१७ च्या ऑक्टोबरमध्ये हा नियम काढून टाकला आणि २०१८ च्या जानेवारीपासून ती सक्ती गेली. १९८९ च्या लोमा प्रिएटा भूकंपात वॉट्सनव्हिलची जुनी बाजारपेठ मोडली होती. अशा गावात जवळपास माणूस बसलेलं स्टेशन असणं ही चैन नव्हे, गरज आहे. हा नियम जायला नको होता, असं माझं स्पष्ट मत आहे.

इंटरनेट, आणि गाण्यामागे पैसा

१९९५ च्या ऑगस्टमध्ये केपिगने आपलं प्रक्षेपण इंटरनेटवर थेट द्यायला सुरुवात केली. व्यावसायिक स्टेशनांमध्ये असं करणाऱ्या अगदी पहिल्यांत त्याचं नाव येतं. त्या वेळी लोकांकडे १४.४ किंवा २८.८ किलोबिटचे मॉडेम होते, म्हणजे आवाज टेलिफोनच्या दर्जाच्या आसपास. तरीही ए वर्गाच्या २८ किलोमीटरांत अडकलेलं स्टेशन जगभर पोचलं. या कामात बिल गोल्डस्मिथ पुढे होते. डीजेही तेच आणि तांत्रिक बाजू सांभाळणारेही तेच.

मग २००२ साल आलं. याचा हिशेब नीट पाहू या, कारण छोट्या स्टेशनांचं नेटवरचं जगणं-मरणं त्यात आहे. अमेरिकेत एफएमवर गाणं वाजलं की गीतकार-संगीतकारांना रॉयल्टी जाते, पण त्या ध्वनिमुद्रणाच्या मालकाला आणि गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांना काहीच द्यावं लागत नाही. तेच गाणं त्याच क्षणी नेटवर गेलं की मात्र द्यावं लागतं. जून २००२ मध्ये दर ठरला: दर गाण्याला, दर श्रोत्यामागे ०.०७ सेंट, आणि तोही १९९८ पासून मागचा धरून. आकडा क्षुल्लक वाटतो. तासाला १५ गाणी धरा. एका श्रोत्याचा एक तास झाला १.०५ सेंट. नेटवर सरासरी ५०० जण चोवीस तास असतील तर वर्षाचे ८,७६० तास, आणि बिल ४६,००० डॉलरच्या घरात. हवेतून ऐकणारे ५०० असोत की ५०,०००, या खात्यावर खर्च शून्य. एफएमवर श्रोता वाढला की नफा वाढतो. नेटवर श्रोता वाढला की बिल वाढतं, आणि जगाच्या दुसऱ्या टोकाचा श्रोता वॉट्सनव्हिलच्या टायरवाल्याचा गिऱ्हाईक होत नाही. केपिगने २००२ च्या जुलैमध्ये मोफत नेट प्रक्षेपण थांबवलं आणि पुढे ते वर्गणीच्या वाटेने गेलं.

दर नंतर वाढले. २०२१ साठी व्यावसायिक मोफत प्रक्षेपणाचा दर ०.२१ सेंट आणि वर्गणीवाल्याचा ०.२६ सेंट होता. वर्गणीच्या दराने तासाला १५ गाणी म्हणजे ३.९ सेंट. रोज तीन तास ऐकणारा वर्गणीदार महिन्याला ९० तास ऐकतो. नुसती ही एक रॉयल्टी साडेतीन डॉलर. त्याखेरीज सर्व्हर, पैसे स्वीकारणाऱ्या कंपनीचं कमिशन आणि संगीतकारांची वेगळी रॉयल्टी आहेच. ‘रेडिओसाठी पैसे कशाला?’ असं म्हणणाऱ्यांनी हा हिशेब एकदा करून बघावा. सर्वांत निष्ठावान श्रोता स्टेशनला सर्वांत महाग पडतो, ही या दररचनेतली खोट आहे आणि ती केपिगच्या हातात नाही.

मालक कसे बदलले

१९९६ च्या दूरसंचार कायद्याने एका कंपनीने देशभरात किती रेडिओ स्टेशनं ठेवावीत यावरची मर्यादा काढून टाकली. स्थानिक मर्यादा राहिली, पण सैल: बाजारात ४५ किंवा जास्त स्टेशनं असतील तर एका मालकाकडे ८, ३० ते ४४ असतील तर ७, १५ ते २९ असतील तर ६, आणि त्याहून लहान बाजारात ५, तीही एकूण स्टेशनांच्या निम्म्यापेक्षा जास्त नाहीत. परिणाम असा झाला की एकट्या स्टेशनला जाहिराती मिळवणं कठीण झालं. पाच-सहा स्टेशनांचा गठ्ठा असलेल्या कंपनीचा विक्रेता दुकानदाराला सगळी मिळून एक दर देतो, एकच अभियंता सगळे टॉवर सांभाळतो, हिशेबाला एकच खोली. एकट्या स्टेशनला हे सगळे पगार स्वतः काढावे लागतात.

केपिगही अशाच गठ्ठ्यात गेलं. मेपलटन कम्युनिकेशन्स ही कंपनी मध्य कॅलिफोर्नियाच्या किनारपट्टीवर स्टेशनं जमवत होती, त्यात केपिग आलं. या काळाचं मूल्यमापन करताना दोन्ही बाजू सांगितल्या पाहिजेत. कंपनीने गाण्यांचा प्रकार बदलला नाही, उलट तेच प्रक्षेपण दक्षिणेला केंब्रियाच्या ९४.९ वर केपीवायजी या नावाने, आणि काही काळ उत्तरेला पिडमाँटच्या १५१० एएमवरही दिलं. पण जिथे डीजे थेट त्या गावाशी बोलत नाही, तिथे तेच प्रक्षेपण अर्ध्या ताकदीने लागू पडतं. एएमवर तर संगीताचं नुकसानच होतं. वरच्या पट्टीतले सूर कापले जातात, झांजा मातकट ऐकू येतात आणि स्टीरिओ बहुतेक रेडिओंवर नसतोच.

१ जुलै २०१९ ला मेपलटनने आपल्याकडे उरलेली ३७ स्टेशनं स्टीफन्स मीडिया ग्रुपला विकत असल्याचं जाहीर केलं आणि त्याच दिवसापासून ती चालवायला स्टीफन्सने घेतली. व्यवहार पुरा झाला ३० सप्टेंबरला, २ कोटी १० लाख डॉलरला. भागिले ३७ केलं तर स्टेशनमागे सरासरी पावणेसहा लाख डॉलरही पडत नाहीत. ट्रान्समीटर, टॉवर, परवाना आणि नाव, सगळं धरून. परवाना नावावर होण्याआधीच स्टेशन चालवायला कसं मिळतं, असा प्रश्न पडेल. त्यासाठी कार्यक्रम आणि जाहिरातींचा वेळ भाड्याने देण्याचा करार करतात. परवानाधारक जुनाच राहतो, जबाबदारी कागदोपत्री त्याची, आणि रोजचा कारभार नव्याकडे. श्रोत्याच्या दृष्टीने मालक त्याच दिवशी बदललेला असतो. म्हणून बातमीत ‘एफसीसीची मंजुरी बाकी’ असं वाचून निर्धास्त राहू नये.

एफएमवर पकडायचं असेल तर

तिकडे राहणाऱ्यांसाठी थोडं तांत्रिक. वॉट्सनव्हिल आणि सांता क्रूझच्या सपाट भागात गाडीच्या रेडिओवर अडचण येत नाही. महामार्ग १७ ने डोंगर चढू लागलं की सिग्नल दऱ्यांमध्ये तुटतो आणि पलीकडे उतरताना १०७.७ चं स्टेशन वरचढ होतं. ही रेडिओची खराबी नव्हे. शेजारच्या दोन फ्रिक्वेन्सींत अंतर फक्त ०.२ मेगाहर्ट्झ, आणि स्वस्त रेडिओचा फिल्टर त्याहून रुंद असल्यामुळे ताकदवान स्टेशन आत शिरतं. घरी ऐकत असाल तर अरुंद फिल्टरची सोय असलेला ट्यूनर आणि बाहेर लावलेला अँटेना घ्या. साधा डायपोल, म्हणजे मधे तोडलेल्या सरळ तारेचा अँटेना, स्वतःही करता येतो: १०७.५ साठी एकूण लांबी १.३३ मीटर, म्हणजे दोन्ही बाहू ६६ सेंटिमीटरच्या जरा पुढे. मधे ७५ ओहमची केबल जोडायची आणि तारेची रुंद बाजू स्टेशनकडे करायची. टोकं स्टेशनकडे केली तर तिथेच सर्वांत कमी पकडतो. हीच गोष्ट नको असलेलं स्टेशन दाबायलाही वापरता येते: टोक १०७.७ च्या दिशेला फिरवा.

खरखर येत असेल तर आधी मोनो करा. स्टीरिओच्या मानाने मोनोत खरखर २० डेसिबलच्या आसपास कमी होते, आणि या स्टेशनवरची जुनी ध्वनिमुद्रणं ऐकायला मोनोने काही बिघडत नाही.

नेटवर: केपिग की रेडिओ पॅराडाइज

बिल गोल्डस्मिथ यांनी २००० मध्ये पत्नी रेबेका यांच्यासह कॅलिफोर्नियातल्याच पॅराडाइज गावातून रेडिओ पॅराडाइज सुरू केलं. त्याला टॉवर नाही, परवाना नाही, जाहिराती नाहीत. श्रोत्यांच्या ऐच्छिक देणग्यांवर ते चालतं. केपिगच्या घराण्यातली ही तिसरी तऱ्हा, आणि मालकीच्या दृष्टीने सर्वांत सरळ: विकायला फ्रिक्वेन्सीच नाही, त्यामुळे ती बळकावायला कुणी येणार नाही.

आवाजाच्या दर्जात रेडिओ पॅराडाइज पुढे आहे. एएसी ३२० किलोबिट आणि मूळ सीडीच्या दर्जाचं एफएलएसी असे पर्याय मिळतात. मोबाइल डेटावर ऐकणाऱ्यांनी हिशेब ठेवावा: ६४ किलोबिटला तासाला २९ एमबी, १२८ ला ५८, ३२० ला १४४, आणि एफएलएसीला गाण्यानुसार ४०० च्या आसपास. फोनच्या स्पीकरवर ऐकायचं असेल तर १२८ च्या वर जाण्यात डेटाच वाया जातो. सांधे जुळवण्याची गोल्डस्मिथ यांची पद्धत तिथेही आहे; पट्टी आणि लय यांची काळजी तिथे दर तासाला ऐकू येते. मुख्य प्रवाहाबरोबर सौम्य, रॉक आणि जागतिक संगीताचे वेगळे प्रवाह आहेत. रॉकवाल्यांनीही मुख्य प्रवाहापासूनच सुरुवात करावी. नुसत्या रॉक प्रवाहात निवड चांगली आहे, पण प्रकार बदलण्यातली गंमत जाते.

आवडत्या गायकाची सलग पाच गाणी का लागत नाहीत? नेट रेडिओच्या सरसकट परवान्यात अट आहे: तीन तासांत एका कलाकाराची चार, त्यातली सलग तीनच; एका अल्बममधली तीन, त्यातली सलग दोनच. पुढची यादी आधी जाहीर करायलाही मनाई आहे. या अटी मोडायच्या असतील तर प्रत्येक कंपनीशी वेगळा करार लागतो.

केपिग घ्यावं कुणी? ज्यांना निवेदकाचा आवाज, गावची खबरबात, स्थानिक दुकानांच्या गमतीदार जाहिराती, त्या किनाऱ्याची हवा हवी आहे, त्यांनी. रेडिओ पॅराडाइज संगीत देतं, पण गाव देत नाही. कंट्री आणि अमेरिकाना या अंगाची गाणी आवडत असतील तर केपिगच जवळचं वाटेल. कमी बाजू सांगायच्या तर जाहिराती आहेत, वर्गणी आहे, आणि कंपनीच्या गठ्ठ्यातलं स्टेशन असल्याने पुढच्या विक्रीचा भरवसा कुणी देऊ शकत नाही.

वर्गणी भरण्याआधी मालकी तपासून घ्या, दहा मिनिटांचं काम आहे. एफसीसीच्या संकेतस्थळावर एफएम शोधात स्टेशनचं इंग्रजी नाव (KPIG) टाकलं की परवानाधारकाचं नाव, वर्ग, ताकद आणि अँटेनाची उंची दिसते. तिथूनच अर्जांच्या नोंदीत जा. ३१४ हा परवाना दुसऱ्याच्या नावे करण्याचा अर्ज, ३१५ हा कंपनीचा ताबा बदलण्याचा, आणि ३२३ हा मालकीचा अहवाल, जो नियमाने विषम वर्षांत १ डिसेंबरपर्यंत द्यायचा असतो. ३१४ प्रलंबित दिसला तर वर्षाची वर्गणी एकदम भरू नका, महिन्याची घ्या. कॅलिफोर्नियातल्या रेडिओ परवान्यांची मुदत आठ वर्षांची असते आणि चालू मुदत डिसेंबर २०२९ ला संपते. त्याच ठिकाणी स्टेशनची सार्वजनिक फाइल असते. त्यात दर तिमाहीला, म्हणजे जानेवारी, एप्रिल, जुलै आणि ऑक्टोबरच्या १० तारखेपर्यंत, स्थानिक प्रश्नांवर कोणते कार्यक्रम केले याची यादी चढवावी लागते. ती उघडून वाचा. विषय वॉट्सनव्हिलचे, पाहारोच्या पुराचे, शेतमजुरांच्या घरांचे असतील आणि मिनिटांसह दिलेले असतील तर स्टुडिओत अजून कुणीतरी गावाकडे बघतंय. सगळीकडे चालतील असे आयते कार्यक्रमच भरलेले दिसले तर काय समजायचं ते समजा.

भारतातून ऐकणाऱ्यांसाठी वेळ: कॅलिफोर्निया उन्हाळ्यात साडेबारा आणि हिवाळ्यात साडेतेरा तास मागे असतं. तिथली सकाळची सहा ते दहाची पाळी इथे उन्हाळ्यात संध्याकाळी साडेसहा ते साडेदहा येते. ऐकायला बसायचं तर याच वेळी, कारण थेट निवेदक असण्याची शक्यता सकाळच्या पाळीत सर्वांत जास्त असते. इथल्या सकाळी लावलं तर तिथे संध्याकाळ-रात्र असते आणि मुद्रित निवेदनाची शक्यता वाढते.